यूथिफ्रो वाचताना: मोफत तत्त्वज्ञानवर्ग कसा चालतो

मोफत तत्त्वज्ञानवर्ग सुरू करायचा म्हटलं की गावात पहिला प्रश्न येतो, "वक्ते कोण आणणार?" प्रश्न स्वाभाविक आहे. पुण्यात 1875 साली न्यायमूर्ती रानड्यांच्या पुढाकाराने वसंत व्याख्यानमाला सुरू झाली आणि आज तालुक्याच्या गावातही व्याख्यानमाला भरतात. ऐकण्याची सवय आपल्याकडे उत्तम आहे. पण तत्त्वज्ञान नुसतं ऐकून येत नाही. ऐकताना प्रत्येक पायरी पटत जाते आणि घरी गेल्यावर त्यातली एकही स्वतःच्या शब्दांत मांडता येत नाही. म्हणून वाचनालयातला आमचा वर्ग वक्त्याविना चालतो. एक छोटा मूळ ग्रंथ, त्याची छापील पानं, बारा ते पंधरा माणसं, फळा आणि दीड तास. शुल्क नाही, प्रवेशअर्ज नाही, प्रमाणपत्र नाही. हे जमवण्याची रीत आणि त्यात काय काय बिघडतं, ते इथे लिहितो आहोत. ज्यांना आपल्या गावात असा वर्ग काढायचा आहे त्यांनी यातलं हवं ते उचलावं.

ग्रंथाची निवड सगळ्यात महत्त्वाची. आम्ही सुरुवात प्लेटोच्या 'यूथिफ्रो' या संवादाने करतो. तो लहान आहे, त्यात पारिभाषिक शब्द जवळजवळ नाहीत आणि बोलणारे दोघंच आहेत. प्रसंगही लगेच समजतो. सॉक्रेटीसवर अधर्माचा आरोप आहे आणि तो न्यायालयाच्या दाराशी उभा आहे. तिथे त्याला यूथिफ्रो भेटतो. हा गृहस्थ स्वतःच्या वडिलांवर मनुष्यवधाचा खटला भरायला आला आहे. त्यांच्या शेतावरच्या एका मजुराने दारूच्या नशेत घरच्या गुलामाला मारलं. वडिलांनी त्या मजुराला हातपाय बांधून खड्ड्यात टाकलं आणि आता काय करायचं हे विचारायला अथेन्सला माणूस पाठवला. निरोप येईपर्यंत मजूर थंडीने आणि उपासमारीने मेला. वडिलांना कोर्टात खेचणं पुण्य की पाप? घरातल्या माणसांना हे महापाप वाटतं. यूथिफ्रो म्हणतो, मला पुण्य म्हणजे काय ते नेमकं माहीत आहे. सॉक्रेटीस म्हणतो, मग सांग. पहिल्याच संध्याकाळी सगळे या भांडणात ओढले जातात. वेगळी प्रस्तावना लागत नाही.

सुरुवातीला गीता किंवा उपनिषदं घेऊ नयेत, हे आमचं ठाम मत आहे. ग्रंथ मोठेच आहेत. अडचण अशी की येणाऱ्यांपैकी निम्म्या लोकांच्या मनात त्यांवरचं एखादं भाष्य आधीच पक्कं बसलेलं असतं. समोरचं वाक्य वाचण्याऐवजी ते आठवलेलं सांगू लागतात आणि वर्गाचं रूपांतर प्रवचनात होतं. कांट किंवा हेगेलने सुरुवात केली तर उलट घडतं. पहिल्या पानावरच परिभाषेची भिंत उभी राहते आणि मग कुणीतरी समजावून सांगणारा लागतो. म्हणजे वक्ता मागच्या दाराने परत येतो.

पानं तयार करायला खरी मेहनत लागते. भारतात ग्रंथकाराच्या मृत्यूनंतर 60 वर्षांनी लेखनाचा स्वामित्वहक्क संपतो, अनुवादकाच्या बाबतीतही तेच. बेंजामिन जोवेट 1893 मध्ये वारले, तेव्हा त्यांचा इंग्रजी अनुवाद निर्धास्त छापता येतो. हॅरॉल्ड फाउलर यांचा 1914 चा अनुवादही आता खुला आहे, आणि त्यात समोरच्या पानावर मूळ ग्रीक असतं. या दोन्हींवरून वर्गापुरतं मराठी भाषांतर करायचं. दोन इंग्रजी अनुवाद जिथे वेगळं बोलतात तिथे समासात खूण करायची. चर्चा बहुतेक वेळा नेमकी त्याच जागी अडते, त्यामुळे ही खूण फार उपयोगी पडते.

समासात स्टेफानस क्रमांक घालायलाच हवेत. हेन्री एतिएन, म्हणजेच स्टेफानस, याने 1578 साली छापलेल्या प्लेटोच्या आवृत्तीची पानं आणि त्यांचे a ते e असे भाग आजही जगभर संदर्भासाठी वापरले जातात. 'यूथिफ्रो' 2 ते 16 या पानांत बसतो. इंटरनेटवरच्या अनेक मोफत प्रतींमधून हे आकडे गळलेले असतात, ते हाताने घालावे लागतात. एकाकडे मराठी, दुसऱ्याकडे मोबाइलवर इंग्रजी, तिसऱ्याकडे हिंदी अशी स्थिती असते. आकडे नसतील तर "ते कुठे आहे?" यातच दर वेळी दहा मिनिटं जातात.

अक्षर 14 पॉइंट, ओळींमध्ये दीडपट अंतर, पानाचा उजवा तिसरा हिस्सा कोरा, छपाई एकाच बाजूला. असं मांडलं की मराठी मजकूर साधारण 22 पानांचा होतो. पंधरा प्रतींची 330 पानं होतात. झेरॉक्सला पानामागे दोन रुपये धरले तर संपूर्ण ग्रंथाचा खर्च 660 रुपये. अख्खा संच पहिल्या दिवशी वाटू नये, कारण घरी गेलेला संच घरीच राहतो. त्या दिवसाची आणि पुढच्या आठवड्याची पानं द्यावीत आणि मागच्या पानांच्या चार-पाच जादा प्रती कपाटात ठेवाव्यात.

हा 660 रुपयांचा प्रश्न एखादा दाता एका मिनिटात सोडवू शकतो, पण तिथे थोडं थांबावं. देणगीबरोबर बॅनर येतो, बॅनरबरोबर उद्घाटन येतं, मग प्रमुख पाहुणे, शाल, श्रीफळ, मनोगत आणि आभारप्रदर्शन. दीड तासातला पाऊण तास त्यात जातो आणि उरलेल्या पाऊण तासात वाचायला आलेला माणूस पुन्हा श्रोता होतो. त्यापेक्षा दाराशी डबा ठेवावा, कुणी किती टाकले हे विचारू नये आणि महिन्याचा जमाखर्च वाचनालयाच्या फलकावर लावावा. जागेसाठी शासनमान्य सार्वजनिक वाचनालयाइतकं योग्य ठिकाण नाही. त्यांनाही वर्षभरात काही उपक्रम करायचे असतात आणि संध्याकाळी वाचनकक्ष बहुधा रिकामा असतो. अर्ज एका पानाचा द्यावा. त्यात वार, वेळ, खुर्च्यांची संख्या, कुलूप कोण लावणार आणि दिवे-पंखे कोण बंद करणार हे लिहिलेलं असलं की कार्यकारिणीची हरकत सहसा येत नाही.

खुर्च्या गोलात लावाव्यात, फळा सगळ्यांना दिसेल असा ठेवावा, ध्वनिक्षेपक अजिबात नको. हातात माइक आला की माणूस भाषण करू लागतो. वार एकदा ठरला की बदलायचा नाही. रविवार सकाळ सोयीची वाटते, पण लग्नसराईत वर्ग अर्धा होतो. मधल्या वारी संध्याकाळी सहा ते साडेसात हे आमच्याकडे टिकलेलं वेळापत्रक. दीड तासात स्टेफानसचं एक ते दीड पान होतं, म्हणजे पूर्ण संवादाला दहा ते बारा आठवडे लागतात. जूनच्या पहिल्या आठवड्यात सुरुवात केली तर गणपतींच्या आसपास संपतो. दिवाळीनंतर सुरू केला तर बोर्डाच्या परीक्षांआधी आटोपतो. मध्ये दोन आठवड्यांचा खंड पडला तर युक्तिवादाचा धागा तुटतो आणि मागचं सगळं पुन्हा वाचावं लागतं.

दीड तासाची विभागणी अशी असते. पहिली दहा मिनिटं मागच्या आठवड्याचं टिपण वाचणं. मग वीस मिनिटं वाचन: आधी न थांबता एकदा, नंतर वाक्यावाक्याला थांबत दुसऱ्यांदा, आणि दोन्ही वेळा वाचणारी माणसं वेगळी. त्यानंतरची पंधरा मिनिटं फक्त "इथे काय म्हटलं आहे?" या प्रश्नाला. स्वतःचं मत अजून सांगायचं नाही. मग अर्धा तास आक्षेप आणि उत्तरं. शेवटची पंधरा मिनिटं सगळ्यांनी गप्प बसून आजचा युक्तिवाद पाच वाक्यांत लिहायचा. तो कुणी तपासत नाही, पण लिहिल्याशिवाय कुणी उठत नाही.

हे लेखन आम्ही इंग्लंडमधल्या कामगार शिक्षणाच्या वर्गांकडून घेतलं आहे. 1908 साली इतिहासकार आर. एच. टॉनी यांनी लाँग्टन आणि रॉचडेल इथे शिकवलेल्या वर्गांत दोन तासांची बैठक असे, एक तास व्याख्यान आणि एक तास चर्चा. वर्गात तीसपेक्षा जास्त माणसं घेत नसत आणि दर पंधरवड्याला निबंध लिहावा लागे. गिरणीत आणि कुंभारकामाच्या कारखान्यांत दिवसभर राबलेली माणसं तिथे येऊन निबंध लिहीत. त्या मानाने पाच वाक्यं काहीच नाहीत. पॅरिसमध्ये तत्त्वज्ञ मार्क सोते यांनी 1992 मध्ये बास्तीच्या चौकातल्या एका कॅफेत सुरू केलेल्या तत्त्वज्ञान-कट्ट्याचाही आपल्याकडे अनेकांना मोह होतो. जमलेल्यांतून विषय निघतो आणि त्यावर गप्पा होतात. वातावरण छान असतं, पण समोर ग्रंथ नसला की जो जास्त बोलतो त्याचाच विचार पुढे सरकतो. ग्रंथ असला की सगळ्यांना एकाच वाक्यापाशी यावं लागतं, निवृत्त प्राध्यापकालाही आणि बारावीच्या मुलीलाही.

आक्षेपांच्या अर्ध्या तासाला शिस्त लागते, आणि ती शोधायला परदेशात जायची गरज नाही. भारतीय तर्कशास्त्राचा मूळ ग्रंथ असलेल्या न्यायसूत्रांत वाद, जल्प आणि वितंडा असे चर्चेचे तीन प्रकार सांगितले आहेत. तत्त्व समजावं म्हणून होतो तो वाद, जिंकण्यासाठी होतो तो जल्प, आणि स्वतःची कुठलीच बाजू न मांडता फक्त समोरच्याचं खोडत राहणं ही वितंडा. पाचव्या अध्यायात हार कुठे झाली हे ठरवणारी 22 निग्रहस्थानं आहेत. त्यांतलं 'अननुभाषण' आम्ही वर्गाचा पहिला नियम म्हणून वापरतो. प्रतिपक्षाचं विधान तीनदा सांगूनही, सभेला ते कळलेलं असूनही, ज्याला ते परत म्हणून दाखवता येत नाही तो हरला. आमच्याकडे कुणी हरत नाही, पण आक्षेप घेण्याआधी समोरच्याचं म्हणणं त्याला मान्य होईल अशा शब्दांत सांगावं लागतं. तो "हो, हेच म्हणायचं होतं" म्हणाला की मगच पुढे. सुरुवातीच्या दोन-तीन बैठकांत हे फार जड जातं. निम्मे आक्षेप इथेच गळून पडतात, कारण म्हणणं नीट परत सांगताना आक्षेप घेणाऱ्याच्याच लक्षात येतं की तो दुसऱ्याच कशाला उत्तर देत होता. 'अर्थांतर', म्हणजे विषय सोडून भलतंच बोलणं, हेही याच यादीतलं. फळ्याच्या कोपऱ्यात ही दोन नावं लिहिलेली असली की बैठक चालवणाऱ्या सूत्रधाराला कुणाला टोकावं लागत नाही, नुसतं बोट दाखवलं तरी पुरतं आणि समोरच्याला राग येत नाही.

आता प्रत्यक्ष ग्रंथात काय होतं ते पाहू. यूथिफ्रो पुण्याच्या व्याख्या देत जातो आणि एकेक पडत जाते. त्या कशा पडतात हे नीट पाहण्यासाठी तर्कसंग्रह या न्यायशास्त्राच्या प्रवेशग्रंथाच्या परंपरेतले लक्षणाचे, म्हणजे व्याख्येचे, तीन दोष फळ्यावर लिहावेत. 'गाय म्हणजे कपिला रंगाचा प्राणी' म्हटलं तर पांढऱ्या गाई सुटतात, ही अव्याप्ती. 'गाय म्हणजे शिंगं असलेला प्राणी' म्हटलं तर म्हशीही आत येतात, ही अतिव्याप्ती. 'गाय म्हणजे एका खुराचा प्राणी' म्हटलं तर एकही गाय बसत नाही, हा असंभव. पाच मिनिटांत सगळ्यांना हे कळतं आणि तेवढ्यावर पुढचे काही आठवडे निघतात.

यूथिफ्रोची पहिली व्याख्या: मी आत्ता करतो आहे ते पुण्य, अपराध्यावर खटला भरणं. इथे अव्याप्ती, कारण पुण्याच्या इतर गोष्टी बाहेर राहतात. दुसरी: देवांना प्रिय ते पुण्य. पण यूथिफ्रोच्याच म्हणण्याप्रमाणे देवांमध्ये भांडणं आहेत. वडिलांना शासन करणं झ्यूसला आवडेल, कारण त्याने स्वतःच्या बापाला, क्रोनसला, बेड्या घातल्या; पण क्रोनसला ते आवडणार नाही. एकच कृत्य पुण्यही ठरेल आणि पापही, म्हणजे व्याख्येत नको ते आत शिरलं. मग ती दुरुस्त होते: सगळ्या देवांना प्रिय ते पुण्य. इथे वर्ग अडकतो, आणि अडकायलाच हवा. ही तिसरी व्याख्या तिन्ही दोषांवर घासून पाहिली तर एकही दोष लागत नाही. जे जे पुण्य ते ते सगळ्या देवांना प्रिय, आणि जे जे सगळ्या देवांना प्रिय ते ते पुण्य, असं धरून चाललं तरी चालतं. तरीही सॉक्रेटीसचं समाधान होत नाही. का?

हे 10a ते 11b मध्ये आहे आणि संपूर्ण संवादातला हा सर्वांत कठीण तुकडा. याला दोन बैठका द्याव्यात. पहिल्या वाचनात कुणालाच कळत नाही, कारण सॉक्रेटीस एकदम नेली जाणारी वस्तू, पाहिली जाणारी वस्तू असं बोलू लागतो. मराठीत ही कर्मणी वाक्यं घशात अडकतात. ती मोडून सांगावी लागतात: ओझं नेलं जातंय, कारण कुणीतरी ते नेतंय. ते 'नेलं जाणारं ओझं' आहे म्हणून कुणी ते नेतंय, असं नाही. मग फळ्यावर दोन ओळी लिहायच्या आणि मध्ये बाण काढायचा. देवांना आवडतं म्हणून ते देवप्रिय, हा बाण आवडण्याकडून देवप्रियतेकडे जातो. पुण्य आहे म्हणून देवांना आवडतं, असं यूथिफ्रोने स्वतःच कबूल केलंय, तेव्हा हा बाण पुण्याकडून आवडण्याकडे जातो. पुण्य आणि देवप्रिय एकच असतील तर एकाच्या जागी दुसरा शब्द ठेवून पाहावा. दोन बाण एकमेकांविरुद्ध उभे राहतात. फळा असल्याशिवाय हे कुणालाही दिसत नाही, नुसतं बोलून तर अजिबात नाही.

त्यानंतर एक उदाहरण उपयोगी पडतं. आपल्याकडे रस्त्याच्या डाव्या बाजूने गाडी चालवणं योग्य, कारण कायदा तसं सांगतो. कायदा बदलला तर उजवी बाजू योग्य ठरेल. पण दारू पिऊन गाडी चालवू नये असं कायदा सांगतो, कारण ते मुळातच घातक आहे. कायदा नसता तरी ते घातकच राहिलं असतं. आता विचारायचं: पुण्य हे डाव्या बाजूसारखं की दारूसारखं? विठ्ठलाला प्रिय म्हणून ते पुण्य, की पुण्य म्हणून विठ्ठलाला प्रिय? इथे आजवर गप्प बसलेली माणसं बोलू लागतात. वारकरी घरातली मंडळी अनेकदा सर्वांत बारीक प्रश्न विचारतात, उदाहरणार्थ देव आणि चांगुलपणा वेगळे नाहीतच, मग बाण काढायचा कुठून कुठे? हा आक्षेप यूथिफ्रोला सुचलेला नाही. तो फळ्यावर लिहून ठेवावा, कुणीही लगेच त्याचं उत्तर देऊ नये.

सूत्रधाराने मत द्यायचं नाही, ही सर्वांत अवघड गोष्ट. जर्मनीतल्या गटिंगनचे तत्त्वज्ञ लेओनार्ड नेल्सन यांनी 1922 च्या व्याख्यानात हाच आग्रह धरला होता: शिकवणाऱ्याने उत्तर देऊ नये, विद्यार्थ्यांनी परस्परांना समजून घेतलंय का हे पाहावं. सूत्रधाराने एकदा स्वतःचं उत्तर दिलं की पुढच्या आठवड्यापासून सगळ्यांची तोंडं त्याच्याकडे वळतात. त्याला तीनच वाक्यं मोकळी: "ते कोणत्या ओळीत आहे?", "त्यांचं म्हणणं परत सांगाल का?" आणि "हे फळ्यावर कसं लिहू?" यासाठी सूत्रधाराला तत्त्वज्ञानाची पदवी लागत नाही. त्याने त्या आठवड्याचा मजकूर घरी तीनदा वाचलेला मात्र असायला हवा.

बिघडतं ते ठरावीक जागी. पहिल्या दिवशी तीस-पस्तीस येतात, तिसऱ्या-चौथ्या बैठकीला बारा-पंधरा उरतात. ही गळती धरूनच पानं छापावीत. तीस टिकवण्यासाठी वेग वाढवला किंवा मध्येच 'सोपं व्याख्यान' ठेवलं तर उरलेले पंधराही जातात. एखादे जाणकार गृहस्थ वीस मिनिटं बोलत राहतात. त्यांना थांबवण्यापेक्षा पुढच्या आठवड्याचं वाचन किंवा टिपण त्यांच्याकडे द्यावं, ज्ञान कामाला लागतं. "शेवटी सगळं एकच आहे" हे वाक्य चर्चा बंद करतं. ते कोणत्या ओळीवरून निघतं हे विचारलं की ती पुन्हा सुरू होते. मध्येच आलेल्या नव्या माणसाला आधीच्या टिपणांची वही द्यावी आणि त्या दिवशी फक्त ऐकायला सांगावं. व्हॉट्सॲपचा गट फक्त सूचनांसाठी ठेवावा, नाही तर मंगळवारचा वाद बुधवारी शुभप्रभातच्या चित्रांखाली गाडला जातो. बैठकीचं ध्वनिमुद्रण करू नये. मुद्रण होतंय हे कळलं की लोक चुकीचं वाक्य बोलून पाहायचं सोडून देतात, आणि या वर्गात चुकीचं वाक्य मोठ्याने म्हणता येणं फार गरजेचं असतं.

टिपणाची वही मात्र काटेकोर हवी. टिपणीकार दर आठवड्याला बदलतो. एका पानात चार गोष्टी: कुठून कुठपर्यंत वाचलं, युक्तिवाद काय होता, आक्षेप कोणते आले, कोणता प्रश्न उघडा राहिला. शब्द अडला तर दे. द. वाडेकर यांनी संपादित केलेला तीन खंडांचा मराठी तत्त्वज्ञान महाकोश वाचनालयात मागवावा किंवा मराठी विश्वकोश पाहावा, तो इंटरनेटवर मोफत आहे. अडलेला शब्द वर्गात मोबाइलवर शोधायचा नाही. तो टिपणीकाराने घरी पाहून पुढच्या वेळी सांगायचा.

गावाबाहेर गेलेल्यांसाठी पडद्यावरचा वर्गही चालतो, पण तिथे आठपेक्षा जास्त माणसं नकोत आणि सव्वा तासापुढे ताणू नये. भारतात संध्याकाळचे साडेसात म्हणजे हिवाळ्यात लंडनमध्ये दुपारचे दोन आणि न्यूयॉर्कला सकाळचे नऊ. शनिवारी ही वेळ तिघांनाही जमते. पान पडद्यावर सगळ्यांना दिसत राहिलं पाहिजे आणि बोलण्याचा क्रम आधीच ठरलेला हवा, नाही तर आवाजाच्या उशिरामुळे सगळे एकदम बोलतात आणि एकदम थांबतात.

'यूथिफ्रो' उत्तराशिवाय संपतो. यूथिफ्रोला अचानक काम आठवतं आणि तो निघून जातो. काही जण यावर नाराज होतात. त्यांना शेवटच्या बैठकीत वहीतले उघडे प्रश्न वाचून दाखवावेत आणि त्यांतला कोणता घेऊन पुढे जायचं हे वर्गाने ठरवावं. आम्ही यानंतर बहुधा अन्नंभट्टाचा तर्कसंग्रह घेतो. लक्षण आणि दोष हातात आलेले असतात, आणि यशवंत आठल्ये व महादेव बोडस यांची मुंबईहून 1897 साली निघालेली, सविस्तर टिपा असलेली आवृत्ती आता खुली आहे. त्याची पहिली दोन पानं 'यूथिफ्रो'च्या शेवटच्या बैठकीतच वाटावीत, म्हणजे मधल्या सुट्टीत वर्ग विखुरत नाही.